शिंपल्याच्या रंगाची पिटकुळी

नुमाइशीच्या, त्या वार्षिक प्रदर्शनाच्या मैदानात शिरताना धूळ फार उडत होती म्हणून तारामतीने चष्मा काढला, पदराने पुसला, परत डोळ्यांवर चढवला, आणि समोर तिचं झाड होतं. एक नव्हे. काळ्या प्लास्टिकच्या कुंड्यांत, गुडघाभर उंचीची, सारखी छाटलेली साठ-सत्तर झाडं चार ओळींत मांडली होती, आणि प्रत्येकाच्या शेंड्याला तो गेंद होता, मधली फुलं हस्तिदंती, कडेची जुनी फुलं आतून गुलाबी होत आलेली. झाड अंगणात आहे, सकाळीच त्याला पाणी घालून आपण निघालो, मग हे इथे कसं, असा अगदी लहान मुलीसारखा विचार तिच्या मनात आला. ती खुर्ज्याच्या बरण्या घ्यायला आली होती. लोणच्यासाठी दोन आणि मीठ ठेवायला एक. मागून कुणाचा तरी धक्का लागला तेव्हा ती दोन पावलं पुढे सरकली आणि तिने एका झाडाचं पान चिमटीत धरलं. तेच जाड, चकचकीत, देठाशी जवळजवळ बसकं पान. कुंडीत पिवळ्या प्लास्टिकची पट्टी खोचली होती आणि तिच्यावर इंग्रजी अक्षरांत छापलं होतं, 'तारा'.

"लेलो अम्मा," स्टॉलवरचा माणूस म्हणाला, "नया है. फॉरेन का लगता, मगर इधरीच बना."

तिने एक कुंडी घेतली. का घेतली, ते तिलाही सांगता आलं नसतं. बरण्या राहून गेल्या. नामपल्लीहून रिक्षा निघाली तेव्हा कुंडी तिच्या मांडीवर होती आणि प्रत्येक खड्ड्यात ओल्या कोकोपीटचा एक थेंब साडीवर पडत होता. ती स्वतःशी हिशेब मांडत होती तो असा, की फूल चार पाकळ्यांचं आहे, चांदणीसारखं दिसतं, कुणीही त्याला तारा म्हणेल. एरवी शेंदरी फुलणाऱ्या पिटकुळीच्या जातीत असा फिका प्रकार आणखी कुठे सापडला नसेलच असं कुणी सांगावं? केरळात सापडला असेल. गोव्यात सापडला असेल. कुंडीबरोबर त्या माणसाने एक गुळगुळीत पत्रक दिलं होतं. काचीगुड्याच्या सिग्नलला रिक्षा थांबली तेव्हा तिने ते उघडलं. फुलाच्या रंगाचं वर्णन इंग्रजीत होतं: ताज्या शिंपल्याच्या आतल्या बाजूसारखा, जिथे स्नायू चिकटलेला असतो तिथला. हे वाक्य तिचं होतं. एकोणीसशे चौऱ्याहत्तरच्या जूनमध्ये तिने ते वहीत लिहिलं होतं, तीन वेळा खोडून. स्नायू चिकटलेली जागा फक्त अशाच माणसाला सुचते ज्याने लहानपणी खाडीत गुडघाभर चिखलात उभं राहून शिंपले उघडले आहेत.

वेंगुर्ल्याच्या दक्षिणेला, खाडी जिथे वळते तिथे, जांभ्याचा एक उतार होता. मे महिन्यात ती माहेरी गेली होती, मानसी तेव्हा आठ वर्षांची. पोरीला पिटकुळीची लाल फळं खायला घालावीत म्हणून ती तिला घेऊन उतारावर गेली. सगळीकडे नेहमीची शेंदरी फुलं पेटलेली होती, करवंदीच्या जाळ्यांतून, काजूंच्या मुळांशी, आणि मध्येच हे एक झुडूप होतं, जणू त्याचा रंग कुणी पाण्यात विरघळवून नेला होता. नल्लकुंट्याच्या मुलींच्या कॉलेजात बारा वर्षं वनस्पतिशास्त्र शिकवून तिला फुलं बघायची सवय झाली होती, तरी त्या दिवशी ती खाली बसली. ओल्या किंतानात गुंडाळून तिने अकरा फांद्या आणल्या, आणि त्यांच्याबरोबर पत्र्याच्या डब्यात उताराची तांबडी माती. नामपल्ली स्टेशनवर तो डबा उचलताना तिचे यजमान एकनाथराव हसले होते. माहेरचं सोनं आणतात बायका, ही माती आणते, असं काहीतरी म्हणाले होते, पण डबा त्यांनीच घरापर्यंत उचलला होता. अकरातली एक जगली. तीन वर्षांनी वडलांचं पत्र आलं की रस्त्यासाठी तो उतार सुरुंग लावून उडवला. त्यानंतर ते झाड जगात एकाच ठिकाणी होतं, नल्लकुंट्यात, तिच्या सासरच्या, औरादकरांच्या अंगणात, बोअरवेलच्या हापशाशेजारी. एकवीस वर्षं ती त्याच्याबद्दल वहीत लिहीत राहिली. किती दिवसांनी फूल रंग बदलतं, बी धरतं की नाही, धरलं तर रुजतं का. त्याच्यावर एक लेख लिहायचा होता. मग पंचवीस-तीस रोपं करून खाडीच्या दुसऱ्या काठाला, जिथे अजून रस्ता गेला नव्हता, तिथे नेऊन लावायची होती. आधी कॉलेजच्या परीक्षा, मग सहा वर्षं सासूबाईंचं अंथरूण, मग मानसीचं लग्न. एकनाथराव शिक्षण खात्यातून निवृत्त झाले तेव्हा म्हणाले होते, तुझी नोकरी संपू दे, दोघं जाऊ, दोन महिने राहू, मी खड्डे खणतो. तिची नोकरी मागच्या मे महिन्यात संपली होती.

घरी आली तेव्हा ते नेहमीप्रमाणे खिडकीशी वेताच्या खुर्चीत बसले होते, मांडीवर पेपर, आणि मागे आवाज बंद केलेल्या टीव्हीवर, केबलच्या कुठल्याशा वाहिनीवर कुणीतरी नाचत होतं. तिने कुंडी त्यांच्यासमोर टीपॉयवर ठेवली.  रिक्षात तिने ठरवलं होतं की आधी त्यांना सांगायचं, ज्योतीने बघा काय केलं. ज्योतीच असणार हे तिला काचीगुड्यालाच कळलं होतं. अंबरपेठेतली ती मुलगी सोळा वर्षांपूर्वी बी.एस्सी.ला आली तेव्हा तिला पात्याने धड छेदही घेता येत नव्हता. तारामतीने तिचा हात हातात धरून ते शिकवलं होतं. संकष्टीला ती इथेच जेवायची. आता ती ऊतिसंवर्धनाच्या एका नव्या कंपनीत प्रयोगशाळेची प्रमुख होती. असल्या कंपन्या तीन-चार वर्षांत शहराभोवती उगवल्या होत्या, परदेशी गुलाब, परदेशी केळी. दोन वर्षांपूर्वी तिने मागितलं होतं, मॅडम, एक शेंडा द्या, एकाचे हजार करून देते. तारामतीने सांगितलं होतं की अजून नाही, आधी तिकडे काठावर लावू दे, मग ने. ज्योती बरं म्हणाली होती आणि साबुदाण्याची खिचडी मागून घेतली होती. हे सगळं नवऱ्याला सांगायचं, त्यांच्या खुर्चीशेजारी बसून थोडं रडायचं, एवढंच तिला हवं होतं. पण एकनाथरावांनी कुंडीकडे पाहिलं आणि त्यांचा चेहरा उजळला.

"अरे वा," ते म्हणाले, "आलं का बाजारात?"

ती उभी होती तिथेच खुर्चीच्या पाठीला धरून राहिली. मग त्यांनीच सगळं सांगितलं, मोठ्या हौसेने, जणू तिला कधी एकदा कळेल याची ते वाट बघत होते. तू कॉलेजात असताना ज्योती यायची. माझ्याशी तासतासभर बोलायची. काका, तुमचा काळ कसा होता, काका, निजामाच्या वेळच्या शाळा कशा होत्या. निवृत्तीनंतर मला कोण विचारतं, तुला मालूमच आहे. एकदा म्हणाली, काका, झाड तुमच्या जागेत आहे, म्हणजे कायद्याने मालक तुम्ही. कंपनीतून दोघं साहेब आले होते, टाय लावलेले, इथेच बसले, चहा घेतला. कागद टाइप करून आणला होता. त्याच्यावर माझं पूर्ण नाव होतं, खाली प्रोप्रायटर. मी दस्तखत केले, त्यांनी दोन शेंडे खुडून घेतले. वही कपाटात होती, किल्ली माझ्याकडेच असते, वही त्यांनी दोन दिवस नेली आणि जशीच्या तशी परत आणून दिली. आणि नाव मी सुचवलं. ते भलतंच काहीतरी ठेवणार होते, मोती की काय. मी म्हटलं, नाव हेच पाहिजे.

तिने विचारलं की कागदात आणखी काय आहे. त्यांनी आठवून सांगितलं, जरा अडखळत, की दहा वर्षं हे झाड दुसरीकडे कुठे द्यायचं नाही, लावायचं नाही, असं एक कलम आहे, पण ते नेहमीचंच असतं. तिने विचारलं, मग खाडीच्या काठावर?  टीव्हीवरचं नाचणं संपून साबणाची जाहिरात लागली होती.

"वेंगुर्ल्याला आता कोण जाणार, तारा? माझे गुडघे बघतेस ना."

"मला का नाही विचारलंत?"

"तू नाही म्हणाली असतीस," एकनाथराव म्हणाले.

ते खोटं बोलणारे गृहस्थ नव्हते. हेच तिला पुढचे कित्येक दिवस उमजत नव्हतं, स्वयंपाक करताना, कपडे वाळत घालताना, दुपारी आडवी झाल्यावर छताच्या पंख्याकडे बघताना. तेहेतीस वर्षांत त्यांनी तिला एकदाही फसवलं नव्हतं, आवाज चढवला नव्हता, तिच्या नोकरीवरून आईशी भांडण झालं तेव्हा ते तिच्या बाजूने उभे राहिले होते. आणि इतक्या सरळपणे त्यांनी सांगितलं, तू नाही म्हणाली असतीस, म्हणून विचारलं नाही. त्या वाक्याला कुठे बोट लावायला जागाच नव्हती. ज्योतीचा तिला राग आला होता आणि तो राग ओळखीचा होता. वर्गात कॉपी करताना पकडलेल्या मुलीचा येतो तसला, मोठा असेल, पण त्याच जातीचा. नवऱ्याबद्दल जे वाटत होतं त्याला तिच्याकडे शब्द नव्हता.  रात्रीची रक्तदाबाची गोळी ती त्यांना अजूनही हातात नेऊन देत होती, आणि देताना तिला स्वतःचाच संताप यायचा की आपल्याला ती देण्याची आठवण कशी राहते.

लोकांना आनंद झाला होता. पत्रक फिरलं होतं. समोरच्या सुब्बलक्ष्मी गारू कुंकू लावायला येऊन गेल्या, त्यांच्या भाषेत लाल पिटकुळीला नूरु वरहालु म्हणतात, शंभर मोहरा, आणि आता तुमच्या नावाची मोहर आली म्हणून त्या हसल्या. पुण्याहून मानसीचा फोन आला, आई, किती भारी, तुझ्या नावाचं झाड, बाबा पण कसले रोमँटिक निघाले. तारामतीने सांगून बघितलं. वहीबद्दल सांगितलं, काठाबद्दल सांगितलं. मानसी समजावणीच्या आवाजात म्हणाली की आई, ते एकच झाड होतं, उद्या वाळलं असतं तर काय उरलं असतं, आता हजारो आहेत. ते खरं होतं. तारामतीने फोन ठेवला. ते खरं असल्यामुळे तर तिला कुणाशी भांडताही येत नव्हतं.

नावाचं मात्र ती कुणालाच सांगू शकली नाही. या घरात आली तेव्हा सासूबाई तिला पूर्ण नावाने हाक मारीत, तारामती, प्रत्येक अक्षर वेगळं, जसं हजेरीपटावर वाचतात. कॉलेजात ती औरादकर मॅडम होती. माहेरी ताई. पहिल्या पावसाळ्यात एकदा ती चुलीच्या धुराने डोळे पुसत बसली होती आणि एकनाथराव पाणी प्यायच्या निमित्ताने आत आले, आई ऐकेल म्हणून अगदी हलक्या आवाजात म्हणाले, तारा, उठ, मी फुंकतो. तिला त्या नावाने त्याआधी कुणीच हाक मारली नव्हती आणि त्यानंतरही दुसऱ्या कुणी मारली नाही. तेहेतीस वर्षं ते नाव या चार भिंतींत, बहुतेक वेळा दोघांतच, वापरलं गेलं होतं. आता ते पिवळ्या प्लास्टिकवर छापलं होतं आणि स्टॉलवरचा माणूस ते ओरडून विकत होता. एकनाथरावांना त्यात काही गैर दिसत नव्हतं. उलट, आपल्याकडे जे सगळ्यांत चांगलं होतं ते आपण दिलं, असंच त्यांना वाटत होतं, आणि ते ज्या तऱ्हेने रोज संध्याकाळी तिच्या तोंडाकडे बघत, की आज तरी ही खूश झाली का, ते तिला असह्य व्हायचं.

ज्योती आली ती एप्रिलमध्ये, रामनवमी होऊन गेल्यावर, कंपनीच्या पांढऱ्या मारुतीतून. हातात दोन कुंड्या. तारामतीने दार उघडलं, ये म्हणाली, पाणी दिलं. सोळा वर्षांची सवय. ज्योतीने कुंड्या जमिनीवर ठेवल्या. पानं पिवळी पडली होती, शिरा तेवढ्या हिरव्या, कडा करपलेल्या. ती खाली मान घालून भराभर बोलत गेली. मॅडम, मी आधी यायला हवं होतं, तोंड नव्हतं. पण आता नाइलाज आहे. लोक झाडं परत आणून टाकतायत. इथलं बोअरचं पाणी जड, त्याने पानं पिवळी पडतात हे मला माहीत आहे. लोह दिलं, सल्फेट दिलं, दहा दिवस हिरवं होतं आणि पुन्हा तेच. हजारो रोपं शेडमध्ये पिवळी होऊन उभी आहेत. तुमचं झाड त्याच पाण्यावर वीस वर्षं उभं आहे. बघा ना, एक पान पिवळं नाही. वही मी चारदा वाचली, त्यात काहीच लिहिलेलं नाही.

वहीत ते नव्हतंच. तारामतीला आश्चर्य वाटलं की आपल्यालाही हे आज पहिल्यांदा लक्षात येतंय. फुलाचा रंग, पाकळीची लांबी, कळीपासूनचे दिवस हे अभ्यासाचं होतं म्हणून वहीत गेलं. रोजचं होतं ते हातात राहिलं. एकोणऐंशी साली हापसा बसवला त्या उन्हाळ्यात झाड पिवळं पडून मरायला टेकलं होतं, तेव्हा तिने कायकाय करून पाहिलं होतं. शेवटी लागू पडलं ते असं: साराची चिंच कोळून झाल्यावर जो चोथा उरतो, तो मातीच्या मडक्यात पाण्यात टाकायचा, त्यात चार गंजके खिळे, तीन दिवस तसंच आंबू द्यायचं, आणि सकाळी उन्हं पडण्याआधी तपेलीभर, बुंध्याशी नाही, वीतभर लांब, गोल फिरवत. पानाच्या रंगावरून कधी जास्त, कधी कमी, कधी आठवडाभर नुसतंच पाणी. भांडी कशी घासली ते कुणी लिहून ठेवतं का? सतरा वर्षं ते मडकं मोरीच्या बाहेर, खिडकीच्या अगदी खाली, झाकण ठेवून उभं होतं. ज्योती सकाळी कधी आली नव्हती. ती यायची दुपारी.

"तू मालकांना विचार ना," तारामती म्हणाली. "दस्तखत त्यांचे आहेत."

तिच्या आवाजात धार नव्हती. तिला खरंच तसं वाटलं होतं, की खिडकीत बसणाऱ्या माणसाला हे माहीत असणार, सतरा वर्षं रोज सकाळी त्याच्या डोळ्यांसमोर ते होत आलं आहे. ज्योतीने मान वर करून एकनाथरावांकडे बघितलं. त्यांनी पेपरची घडी घातली. चष्मा काढला. खिडकीतून झाडाकडे बघितलं, बराच वेळ, खात्यात असताना एखादी फाइल समोर यायची तेव्हा बघत असतील तसं.

"पाणी घालते ना ती," ते म्हणाले. "रोज सकाळी. बादलीने."

ज्योती त्यांच्याकडे बघतच राहिली.

"आणि राख असेल. चुलीची," ते म्हणाले, आणि मग त्यांना आठवलं असावं की घरात चूल बंद होऊन बावीस वर्षं झाली, कारण ते थांबले. त्यांनी तारामतीकडे बघितलं. ती नजर तिच्या ओळखीची होती. मोजे कुठे आहेत, पेन्शनचं पुस्तक कुठे आहे, मानसीच्या सासऱ्यांचं नाव काय, असं विचारताना ते असेच बघत आणि तिने उत्तर दिलं की लगेच पुन्हा पेपरात जात. तेहेतीस वर्षांत ती नजर एकदाही रिकामी परत गेली नव्हती. तिच्या जिभेवर आलंसुद्धा, चिंच. तिने तोंड मिटून घेतलं. दोन पिवळ्या कुंड्या फरशीवर होत्या आणि त्या तिच्याच झाडाच्या होत्या, एकाच पेशीच्या, परक्या नव्हेत.  तरी ती बोलली नाही. एकनाथरावांचा चेहरा हळूहळू बदलत गेला. आपल्याला हे माहीत असायला हवं होतं, ही गोष्ट त्यांच्यापर्यंत आता, या मुलीच्या समोर, पोचत होती.

ज्योतीने पाण्याचा पेला खाली ठेवला. तिला काय कळलं कोण जाणे, पण ती पुन्हा काही विचारायला धजली नाही. दारात चपला घालताना म्हणाली, मॅडम, मी चुकले. तारामती हो म्हणाली. कुंड्या दोघींनी गाडीपर्यंत नेल्या, एक तिने उचलली, एक ज्योतीने. मृगापर्यंत ती जात बाजारातून काढून घेतली गेली असं पुढे कुणाकडून तरी कळलं. दुसऱ्या कुठल्यातरी झाडाची पत्रकं निघाली.

ज्योती गेली त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी तारामती मागच्या दाराने अंगणात आली. अजून उजाडत होतं. मशिदीची बांग होऊन गेली होती आणि दूधवाल्याच्या सायकली रस्त्यावर खडखडत होत्या. तिने मडक्यावरचं झाकण काढलं, आंबूस वास आला, तपेली बुडवून भरली आणि झाडाकडे वळली, तेव्हा एकनाथराव पायरीवर उभे होते. बनियन, लुंगी, हातात काठी. इतक्या सकाळी ते कधी उठत नसत. त्यांनी मडक्याकडे पाहिलं, मग तपेलीकडे.

"काय घालतेस त्यात?" त्यांनी विचारलं. "दाखव तरी मला."

ते पायरी उतरून एक पाऊल पुढे आले, गुडघा सांभाळत, आणि तिथे वाकून बघू लागले, खरंच बघू लागले, पहिल्यांदा. तारामतीने तपेली दोन्ही हातांनी पोटाशी धरली होती.  कावळे ओरडायला लागले, समोरच्या घरात सुब्बलक्ष्मी गारूंनी सडा टाकला, त्याचा आवाज आला. एकनाथराव अजून वाकलेलेच होते. मग ते सरळ झाले, तिच्याकडे एकदा पाहिलं आणि काठी टेकत पायरीकडे परत गेले. मागचं दार लागलं. आत खुर्ची करकरली, तोपर्यंत ती थांबली, आणि मग तिने तपेली तिरपी केली.